गेम सुरू होत नाही? ये, बस जरा

अगं, तुझ्या मनात काय चाललंय ते मला कळतं. पैसे साठवून गेम घेतला. मोबाइलचा हॉटस्पॉट रात्र रात्र चालू ठेवून तो उतरवला. आणि डबल क्लिक केलं तर बाणापाशी निळं चक्र क्षणभर फिरलं नि थांबलं. ना आवाज, ना खिडकी. वरून घरातलं कुणीतरी म्हणतं, "तूच काहीतरी दाबलं असशील." चंद्रपूर जिल्ह्यातलं मूल असो की गडचिरोलीतली एटापल्ली, मुलींना हे वाक्य जरा जास्तच ऐकावं लागतं.

म्हणून सगळ्यात आधी हे मनात पक्कं कर. गेम सुरू झाला नाही यात तुझा काही गुन्हा नाही, आणि पीसी बाद झाला असंही नाही. प्रत्येक वेळी काहीतरी ठरावीक कारण असतं. बहुतेकदा ते कारण संगणक स्वतःच कुठेतरी लिहून ठेवतो. ते कुठे लिहिलेलं असतं आणि कसं वाचायचं, तेवढं आज तुला सांगते.

बोलायला सोपं जावं म्हणून आपण एक गेम समोर धरू. 'राजी: ॲन एन्शंट एपिक' हा पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सनं केलेला गेम. ऑगस्ट २०२० मध्ये तो आधी निन्टेंडो स्विचवर आला आणि ऑक्टोबरमध्ये पीसीवर. सर्कशीत वाढलेली राजी आपल्या धाकट्या भावाला, गोलूला, असुरांच्या तावडीतून सोडवायला निघते आणि तिची गोष्ट दुर्गा आणि विष्णू सांगतात. थोरली बहीण भावासाठी एवढं लढते म्हणून तो मला जवळचा वाटतो. आणखी एक कारण म्हणजे तो अनरियल इंजिन ४ वर बांधलाय. जगभरचे कितीतरी गेम याच इंजिनावर उभे आहेत, त्यामुळे एकाची अडचण सोडवायला शिकलीस की बाकीच्यांचीही अर्धी वाट समजते.

पहिलं काम गेम उतरवण्याच्याही आधीचं आहे. आपल्याकडे पीसी बहुतेक सेकंड हँड येतो. नागपूर-चंद्रपूरच्या एखाद्या ऑफिसातून निघालेला, दुकानदारानं पुसून-पासून विकलेला. तो कामाला चांगला असतो, पण त्याच्या आत काय आहे हे घेताना कुणी विचारत नाही. तू विचार. विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाब आणि इंग्रजीत 'डीएक्सडायग' टाइप कर. पहिल्या पानावर प्रोसेसर आणि रॅम दिसेल. तिथंच 'डायरेक्टएक्स १२' असं लिहिलेलं दिसलं तरी लगेच खूश होऊ नकोस. ती विंडोजसोबत आलेल्या डायरेक्टएक्सची आवृत्ती झाली. तुझ्या ग्राफिक्सला खरंच किती जमतं, ते 'डिस्प्ले'च्या पानावर 'फीचर लेव्हल्स'समोर लिहिलेलं असतं. गेमच्या पानावर 'किमान गरजा' दिलेल्या असतात, त्या याच्याशी ताडून बघायच्या.

दोन उदाहरणं सांगते, कारण हीच मशीनं आपल्याकडे जास्त फिरतात. इंटेलच्या दुसऱ्या पिढीच्या प्रोसेसरमधलं ग्राफिक्स, म्हणजे एचडी २००० आणि ३०००, डायरेक्टएक्स १०.१ पर्यंतच जातं. ११ मागणारा गेम त्यावर उघडणार नाही, कितीही फॉरमॅट मारला तरी. चौथ्या पिढीचं आणखी वेगळं आहे. सुरक्षेतली एक फट सापडल्यावर इंटेलनं त्या पिढीच्या नव्या ड्रायव्हरमधून, म्हणजे ग्राफिक्स चालवणाऱ्या सॉफ्टवेअरमधून, डायरेक्टएक्स १२ चा आधारच काढून टाकला. म्हणून अमुक पीसीवर गेम चालला आणि तसल्याच दुसऱ्या पीसीवर नाही, असं घडतं. त्यात पीसीचा दोष नाही की तुझाही नाही. आणि हो, सेटिंग्जमध्ये 'सिस्टम', मग 'अबाउट' उघडून 'सिस्टम टाइप' बघ. तिथं ३२-बिट विंडोज निघाली तर आजचे जवळजवळ सगळे मोठे गेम तिथंच अडतात. प्रोसेसर ६४-बिट असेल तर विंडोज नव्यानं ६४-बिट टाकता येते. त्यासाठी नवा पीसी लागत नाही.

हे आधी बघायचं कारण म्हणजे आपलं नेटवर्क. गडचिरोली जिल्ह्याचा तीन चतुर्थांशाच्या आसपास भाग जंगलाखाली आहे. पावसाळ्यात पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागडचा रस्ताही तुटतो आणि नेटवर्कचा भरवसा उरत नाही. तिथं चाळीस-पन्नास जीबी उतरवून मग 'हा चालतच नाही' असं कळणं फार जिवाला लागतं. चंद्रपूर-नागपूरला मावशीकडे, काकांकडे चांगलं इंटरनेट असेल तर तिथं स्टीमवरच्या, म्हणजे गेमच्या ऑनलाइन दुकानातल्या, तुझ्याच खात्यानं गेम उतरव आणि त्याचं फोल्डर हार्ड डिस्कवर घेऊन ये. घरच्या पीसीवर ते 'स्टीमॲप्स'मधल्या 'कॉमन' फोल्डरमध्ये ठेव आणि स्टीममधून 'इन्स्टॉल' दाब. आधीच्या फाइल ओळखून स्टीम फक्त कमी पडलेलं उतरवतं. मात्र पेनड्राइव्ह 'फॅट३२' असेल तर ४ जीबीहून मोठी एक फाइल त्यात मावत नाही. कॉपी अर्धवट होते आणि गेम उघडत नाही. पेनड्राइव्ह आधी 'एक्सफॅट'मध्ये फॉरमॅट करून घे, त्यातलं सगळं दुसरीकडे ठेवून मगच.

आता गेम उतरलाय, पण उघडत नाही. आधी स्क्रीनवर काही ओळ आली का ते बघ. आली असेल तर 'ओके' दाबायच्या आधी मोबाइलवर तिचा फोटो काढ. ही सवय लावून घेच. 'काहीतरी एरर येतोय' असं सांगून जगात कुणीच तुला मदत करू शकत नाही. तीच ओळ जशीच्या तशी दाखवलीस तर उत्तर बहुतेक वेळा मिळतं.

सगळ्यात जास्त दिसणारी ओळ म्हणजे अमुक डीएलएल फाइल सापडली नाही. ही डीएलएल काय असते ते समजून घे. गावात लग्नकार्याची मोठी भांडी समाजमंदिरात ठेवलेली असतात ना, ज्याच्या घरी कार्य तो नेतो, प्रत्येकानं घरी घ्यायची गरज नसते. डीएलएल ही तशीच सामाईक वापराची फाइल. 'एमएसव्हीसीपी१४०' किंवा 'व्हीसीरनटाइम१४०' असं नाव दिसलं तर मायक्रोसॉफ्टचं 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल' बसवायचं राहिलंय. 'डी३डीएक्स९_४३' दिसलं तर जून २०१० चं जुनं डायरेक्टएक्स पॅकेज हवंय. विंडोज १० किंवा ११ मध्ये नवं डायरेक्टएक्स असलं तरी त्या जुन्या फाइल त्यात येत नाहीत, त्या वेगळ्या बसवाव्या लागतात. '०एक्ससी०००००७बी' असा आकडा आला तर बहुतेकदा ३२-बिट आणि ६४-बिट फाइलींची सरमिसळ झालेली असते. तेव्हा व्हिज्युअल सी प्लस प्लसची एक्स८६ आणि एक्स६४ ही दोन्ही पॅकेजं पुन्हा बसव.

आता हे नीट लक्षात ठेव. ही पॅकेजं पुष्कळदा गेमच्याच फोल्डरमध्ये आलेली असतात, नेट लागतही नाही. स्टीमच्या गेममध्ये 'कॉमनरीडिस्ट' नावाचं फोल्डर शोध. अनरियल इंजिन ४ च्या गेममध्ये 'इंजिन', त्यात 'एक्स्ट्राज', त्यात 'रीडिस्ट' अशा वाटेनं गेलीस तर 'यूई४प्रीरेक' नावाची फाइल सापडू शकते. ती चालव आणि पीसी एकदा बंद करून सुरू कर. पहिल्यांदा गेम उघडताना विंडोज परवानगी मागते तेव्हा घाबरून 'नो' दाबलं गेलं, तर हीच पॅकेजं बसायची राहतात.

पण गुगलवर डीएलएलचं नाव टाकून जी पहिली साइट येईल तिथून ती एकच फाइल उतरवून टाकायची, हे मात्र कधी करू नकोस. ती फाइल कुणी ठेवली आणि तिच्यात काय भरलंय, कुणाला ठाऊक नसतं. याच पीसीवरून तू शिष्यवृत्तीचा फॉर्म भरतेस, आईबाबांचं बँकेचं काम करतेस. पोट्टे सांगतात ना, 'अँटीव्हायरस बंद कर, मग क्रॅक चालते', तेही ऐकू नकोस. जी वस्तू आत येण्यासाठी दाराचा पहारेकरी हटवायला सांगते ती घरात घेऊच नये, एवढं समजून चाल. विकत घेतलेला गेम अँटीव्हायरसनं चुकून अडवला असेल तर ते 'विंडोज सिक्युरिटी'तल्या 'प्रोटेक्शन हिस्टरी'त दिसतं. तिथून तेवढ्याच गेमला परवानगी देता येते.

कधीकधी ओळच येत नाही. गेम दोन सेकंद दिसतो आणि गुपचूप नाहीसा होतो. तेव्हा स्टार्टमध्ये 'रिलायबिलिटी हिस्टरी' शोध. तारखांचा तक्ता उघडेल. आजच्या तारखेखाली लाल फुली असेल, तिच्यावर क्लिक करून तपशील बघ. 'फॉल्ट मॉड्यूल नेम' समोर जे नाव असेल तेच आपल्याला हवंय. ते 'एनव्ही'नं सुरू होत असेल तर एनव्हिडियाच्या, 'आयजी'नं सुरू होत असेल तर इंटेलच्या ग्राफिक्स ड्रायव्हरकडे पहिला संशय घ्यायचा. हे पान नुसतं उघडल्यानं काहीही बिघडत नाही, बिनधास्त बघ.

ड्रायव्हरची गोष्ट आपल्याकडे फार घडते. पीसी दुकानात नेला की पहिलं वाक्य येतं, 'फॉरमॅट मारावा लागेल.' फॉरमॅट होतो, विंडोज बसते, पण ग्राफिक्सचा ड्रायव्हर राहून जातो. मग 'डिव्हाइस मॅनेजर'मध्ये 'डिस्प्ले अडॅप्टर्स'खाली 'मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर' असं दिसतं. त्यावर वर्ड चालतं, व्हिडिओ चालतो, गेम मात्र चालत नाही. अनरियलचा गेम अशा वेळी 'डीएक्स११ फीचर लेव्हल १०.०' हवी अशी तक्रार करतो. ग्राफिक्स कार्ड बनवणाऱ्या कंपनीच्याच साइटवरून ड्रायव्हर बसवला की पुष्कळदा तेवढ्यानं भागतं. आणि वेगळं कार्ड बसवलेलं असेल तर मॉनिटरची केबल कार्डालाच लावलीय ना, मदरबोर्डला नाही ना, तेही वाकून बघ.

आता आपल्या मराठी घरांत हमखास होणारी एक गोष्ट. विंडोज पहिल्यांदा सुरू करताना कुणी हौसेनं नाव देवनागरीत टाकलं असेल, तर 'यूजर्स'मधलं तुझं फोल्डरही देवनागरी नावानं तयार होतं. पुष्कळ गेमना, विशेषतः जुन्या, असला पत्ता वाचता येत नाही आणि ते न बोलता बंद पडतात. खात्याचं दिसणारं नाव नंतर बदललं तरी आतल्या फोल्डरचं नाव बदलत नाही. सेटिंग्जमधून इंग्रजी अक्षरांचं एक नवीन लोकल खातं काढ आणि गेम तिथून सुरू करून बघ. तुझं जुनं खातं, त्यातले फोटो, सगळं जिथल्या तिथं राहतं.

लाइटचंही बोलायलाच हवं. अपडेट चालू असताना लाइट गेली की फाइल अर्धवट लिहिल्या जातात. स्टीममध्ये गेमवर उजवं क्लिक करून 'प्रॉपर्टीज', 'इन्स्टॉल्ड फाइल्स' आणि मग 'व्हेरिफाय' दाब. एपिक या दुसऱ्या ऑनलाइन दुकानात तीन ठिपक्यांखालच्या 'मॅनेज'मध्ये हीच सोय आहे. बिघडलेल्या तेवढ्याच फाइल परत येतात, अख्खा गेम पुन्हा उतरवावा लागत नाही. पीसी बंद करून सुरू केला की घड्याळ काही वर्षं मागं जातं का? मग मदरबोर्डवरची नाण्याएवढी सीआर२०३२ बॅटरी संपलीय. तारीख चुकली की सुरक्षेची प्रमाणपत्रं जुळत नाहीत, स्टीम किंवा एपिकमध्ये शिरता येत नाही आणि गेम उघडत नाही. थोडक्या पैशांची ती बॅटरी बदलून घे.

गेम एकटा बंद पडतो की अख्खा पीसीच बंद होतो, हाही फरक बघत जा. पीसीच बंद होत असेल तर कारण बहुधा उष्णतेत किंवा वीजपुरवठ्यात, म्हणजे पॉवर सप्लायमध्ये असतं. चंद्रपूरच्या मे महिन्याबद्दल तुला काय सांगायचं! घुग्घुस, बल्लारपूर, दुर्गापूरकडे कोळशाची धूळ, गडचांदूरकडे सिमेंटची. ती पंख्यात नि जाळीत बसते, प्रोसेसर तापतो आणि स्वतःला वाचवायला पीसी बंद होतो. प्लग काढून, मऊ ब्रशनं हलक्या हातानं साफ कर.

काल चालणारा गेम आज का बंद पडला, हेही तू विचारशील. बाहेरचं जग बदलत असतं, अगं. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमनं विंडोज ७ आणि ८ चा आधार थांबवला. सप्टेंबर २०२३ मध्ये काउंटर-स्ट्राइक २ आला तेव्हा डायरेक्टएक्स ९ वर भागवणारे जुने पीसी मागं पडले. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चाही नेहमीचा आधार संपला. याउलट सीडीवरचे जुने गेम. विंडोज १० आली तेव्हा सेफडिस्क नावाचं जुनं सीडी-संरक्षण मायक्रोसॉफ्टनं त्यात चालूच दिलं नाही, म्हणून अस्सल सीडी असूनही ते गेम उघडत नाहीत. काही जुन्यांना 'विंडोज फीचर्स'मधून 'डायरेक्टप्ले' चालू करावं लागतं. तेवढ्यानं झालं नाही तर जीओजीसारख्या दुकानात आजच्या विंडोजसाठी नीट केलेली आवृत्ती मिळते का ते बघ.

एकाच ठिकाणी मी तुला हात आखडता घ्यायला सांगेन. व्हॅलोरंटसारखे ऑनलाइन गेम विंडोज ११ वर टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट या सुरक्षेच्या सोयी मागतात. हे बदल बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्याही आधी उघडणाऱ्या सेटिंगमध्ये, करायचे असतात. जुन्या 'एमबीआर' पद्धतीनं विंडोज बसवलेली असेल आणि तू नुसतंच बायोसमधलं 'लेगसी' बंद केलंस, तर विंडोजच सुरू होणार नाही. आणि लाइटचा भरवसा नसताना बायोस अपडेट तर मुळीच करायचा नाही. तो मधेच थांबला तर मदरबोर्ड निकामी होऊ शकतो. ही कामं यूपीएस लावून, माहीतगार माणसाला शेजारी बसवून करायची.

सगळं करून गेम नाहीच चालला तर पैसे परत माग. स्टीमवर घेतल्यापासून १४ दिवसांत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळलं असेल तर पैसे परत मिळतात. जो गेम उघडलाच नाही तो दोन तास खेळून कसा होईल? लाजू नकोस, ते तुझ्या कष्टाचे पैसे आहेत. म्हणूनच सांगते, गेम घेतला की त्याच आठवड्यात उघडून बघ, सुट्टीसाठी ठेवून देऊ नकोस.

आणि दुकानात जायची वेळ आलीच तर रिकाम्या हातानं जाऊ नकोस. एक वही कर. तिच्यात तारीख, एररची ओळ, तू काय बदललंस आणि त्यानं काय झालं, हे लिहीत जा. एका वेळी एकच गोष्ट बदल. पाच गोष्टी एकदम केल्यास तर कशानं बरं झालं ते कळत नाही, आणि बिघडलं तर कुठं परतायचं तेही कळत नाही. दुकानदार 'फॉरमॅट' म्हणाला तर वही पुढं कर आणि नम्रपणे विचार, "दादा, ड्रायव्हर बघितला का?" तरीही फॉरमॅट करायचाच ठरला तर जातीचा दाखला, गुणपत्रिका, घरचे फोटो आधी बाहेर काढून ठेव. गेम पुन्हा उतरवता येतो, आजीचा फोटो नाही.

एमएस-सीआयटीच्या वर्गात वर्ड-एक्सेल शिकशील, ते शीकच. पण एररची ओळ वाचणं, पीसीची कुवत तपासणं, एकेक कारण बाजूला काढत जाणं, हे जो शिकतो त्याच्याकडे पुढं शाळा, बँक, ग्रामपंचायत सगळे विचारत येतात. आपल्या गावात अशी एक मुलगी असायला हवी, आणि ती तू व्हावंस असं मला मनापासून वाटतं. तेव्हा आज रात्री नवीन काही उतरवू नकोस. आधी 'डीएक्सडायग' उघड, जे दिसेल ते वहीच्या पहिल्या पानावर लिही, आणि शेजारच्या मुलीलाही बोलावून दाखव.